पोर्ट 1214 वरचा शुक्रवार

सकाळी 6:30

विद्यापीठ जागं व्हायच्या आत मी ऑफिसात येतो, कारण नेटवर्क झोपतं ते एवढ्याच वेळात, पहाटे पाच ते साडेसात. बाकी वेळ कुणी ना कुणी ते ओरबाडत असतं.

मे 2002 चा दुसरा शुक्रवार. अमेरिकेच्या मध्य-पश्चिमेतलं एक सरकारी विद्यापीठ, भोवती नुकतीच पेरलेली मक्याची शेतं. सांगलीहून इथे शिकायला आलो आणि शिक्षण संपल्यावर इथल्याच नेटवर्क विभागात चिकटलो. पहिलं काम रात्रीचा आलेख बघणं. राउटर दर पाच मिनिटांनी आपले आकडे सांगतो, त्यातून चित्र तयार होतं. हिरवा भाग म्हणजे बाहेरून आत आलेली रहदारी, निळी रेघ म्हणजे आतून बाहेर गेलेली. शिकायच्या जागी हिरवं जास्त आणि निळं कमी असावं, असा कुणाचाही समज होईल. आमच्याकडे निळी रेघ हिरव्याच्या डोक्यावर चढून बसली आहे. आम्ही जगाकडून घेतो त्याहून जास्त जगाला देतो. ते ज्ञान असतं तर कुलगुरूंनी आमच्या विभागाचा सत्कार केला असता.

बाहेर जाणारी आमची लाइन 45 मेगाबिटची. डॉर्मच्या प्रत्येक खोलीत मात्र 10 मेगाबिटचं सॉकेट. पाच खोल्यांनी मनावर घेतलं की सगळ्या विद्यापीठाची लाइन भरली. काल रात्री निळी रेघ छताला टेकली ती पहाटेपर्यंत खाली आली नाही. परीक्षा चालू आहेत, मुलं जागतात, हे एक कारण. दुसरं कारण पेपरात आहे. ‘स्टार वॉर्स’चा नवा भाग, ‘अटॅक ऑफ द क्लोन्स’, 16 तारखेला थिएटरात लागायचा आहे आणि तो आत्ताच नेटवर फिरतोय.

सकाळी 7:15

राउटरला फाइलींची नावं कळत नाहीत. कुठल्या पत्त्यावरून कुठल्या पत्त्याला, कुठल्या पोर्टवर, किती बाइट, एवढंच त्याला ठाऊक. पण पोर्टवरून धंदा ओळखता येतो. 80 म्हणजे वेब, 25 म्हणजे ईमेल. 6346 म्हणजे नुटेला, 4662 म्हणजे ईडाँकी. आणि यादीत सगळ्यात वर, रोजच्याप्रमाणे, 1214, म्हणजे काझा.

नुटेला मार्च 2000 मध्ये जस्टिन फ्रँकेलच्या नलसॉफ्ट कंपनीनं सोडलं. मालक एओएलनं दुसऱ्याच दिवशी ते मागे घेतलं, तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं. काझाची कुळकथा आणखी गमतीची आहे. सुरुवात नेदरलँड्समध्ये, संस्थापक एक स्वीडिश आणि एक डॅनिश, प्रोग्रॅम लिहिणारे एस्टोनियातले, आणि यंदाच्या जानेवारीपासून मालकी शार्मन नेटवर्क्सकडे, जिची नोंदणी पॅसिफिक महासागरातल्या वानुआतूत. हॉलिवूडच्या वकिलांनी नोटीस पाठवायची तरी कुठे? म्हणून ती आमच्याकडे येते. आमचा पत्ता पक्का आहे.

सगळे नॅपस्टरला दोष देतात. नॅपस्टरवर गाणी होती, गाण्याची फाइल तीन-चार मेगाबाइटची. डीव्हीडीवरचा सिनेमा त्याच्या हजारपटीहून मोठा. तो तारेतून जाण्याआधी कुणीतरी आवळायला हवा होता, आणि ऑनलाइन सिनेमाचोरीचा जन्म मी त्या आवळण्यात धरतो. डीव्हीडी अमेरिकेत मार्च 1997 मध्ये विक्रीला आली, सीएसएस नावाचं कुलूप लावून. ऑक्टोबर 1999 मध्ये ते कुलूप उघडणारा डीसीएसएस हा छोटासा प्रोग्रॅम नेटवर आला. त्याच्याशी नाव जोडलं गेलं नॉर्वेच्या योन लेक योहानसेनचं, वय तेव्हा 15. पुढच्या जानेवारीत पोलीस घरी आले. मला माझी विकत घेतलेली डीव्हीडी माझ्या लिनक्सवर बघायची होती, असं तो म्हणतो. त्याच्यावर आरोप ठेवले गेलेत, खटला अजून उभा राहायचा आहे. (2003 मध्ये तो दोनदा सुटला, आधी जानेवारीत आणि मग अपिलात डिसेंबरमध्ये.)

कुलूप उघडलं म्हणून सिनेमा लहान होत नाही. ते काम फ्रान्सच्या जेरोम रोतानं केलं. मायक्रोसॉफ्टचा एमपेग-4 कोडेक त्यानं आपल्या सोयीनं वाकवला आणि नाव दिलं डिव्हएक्स, त्यापुढे डोळा मिचकावणारं चिन्ह. सर्किट सिटी या दुकानांच्या साखळीनं त्याच नावाची भाड्याच्या डीव्हीडीची योजना काढून 1999 मध्ये गुंडाळली होती, तिची ती टिंगल. आता दोन तासांचा सिनेमा 700 मेगाबाइटच्या एका सीडीत मावू लागला. आमच्या डॉर्ममध्ये एका खोलीतून दुसऱ्या खोलीत जायला त्याला दहा-बारा मिनिटं पुरतात. मुलं पिझ्झा मागवतात, तो येईतो सिनेमा आलेला असतो.

सकाळी 8:10

भौतिकशास्त्राच्या एका प्राध्यापकांचा फोन. जर्मनीतल्या सहकाऱ्याला रात्री पाठवायला ठेवलेली फाइल सकाळपर्यंत निम्मीसुद्धा गेली नाही. बघतो म्हणालो. बघायचं काय, आलेख समोरच आहे.

सकाळी 9:00

तक्रारींची पेटी. विद्यापीठाच्या नावानं असलेल्या एका ईमेल पत्त्यावर जगभरातून तक्रारी येतात आणि त्या निस्तरणं माझ्याकडे आहे. दोन वर्षांपूर्वी या पेटीत जाहिरातींच्या मेलबद्दल कुरकूर असायची. आता बहुतेक पत्रं कॉपीराइटवाल्यांची. 1998 च्या डीएमसीए कायद्यानं सोय करून ठेवली आहे. नेटवर्क चालवणाऱ्यानं नोटीस मिळताच हालचाल केली तर मुलानं केलेल्या चोरीची जबाबदारी त्याच्यावर येत नाही. हालचाल केली नाही तर येऊ शकते. त्यामुळे आमचे वकीलसाहेब या पेटीबद्दल फार हळवे आहेत.

ही पत्रं माणूस लिहीत नाही. एक प्रोग्रॅम काझावर सिनेमाचं नाव टाकतो, कुणाकडे आहे ते बघतो आणि पत्र धाडतो. पत्रात आयपी पत्ता, वेळ आणि फाइलचं नाव. वेळ ग्रिनिचची. आधी ती आमच्या वेळेत आणायची, मग त्या घडीला तो पत्ता कुठल्या नेटवर्क कार्डाला दिला होता हे डीएचसीपीच्या नोंदवहीत शोधायचं, मग ते कार्ड भिंतीतल्या कुठल्या सॉकेटला लागलं होतं ते बघायचं, आणि सॉकेटवरून खोली. तासाचं गणित चुकलं तर शेजारच्या निरपराध पोराचं कनेक्शन तुटतं, म्हणून हे काम मी दुसऱ्या कुणाला देत नाही.

फाइलींची नावं वाचायला मला आवडतात. मुलांनी स्वतः ठेवलेली नावं गबाळी असतात. पण मूळ ठिकाणाहून जशीच्या तशी आलेली फाइल लगेच ओळखू येते. आधी सिनेमाचं नाव, दोन शब्दांच्या मध्ये जागेऐवजी टिंब. मग माल कुठून आला त्याची खूण. शेवटी आडवी रेघ आणि गटाचं नाव, उदाहरणार्थ सेंट्रॉपी. मधली खूण महत्त्वाची. ‘कॅम’ म्हणजे थिएटरात कॅमेरा घेऊन बसलेला माणूस, पुढच्याची डोकी आणि मागच्याचा खोकला यांच्यासकट. ‘टीएस’ म्हणजे टेलिसिंक. कॅमेराच, पण तिवईवर नीट लावलेला, बहुधा रिकाम्या थिएटरात, आणि आवाज थेट यंत्रातून घेतलेला. ऐकू कमी येणाऱ्यांसाठी खुर्चीला हेडफोनची सोय असते, तिथूनही घेतात. ‘स्क्रीनर’ म्हणजे समीक्षकांना आणि पुरस्कारांच्या मतदारांना पाठवलेली प्रत. ‘डीव्हीडीरिप’ म्हणजे डीव्हीडीवरून काढलेली. नव्या ‘स्टार वॉर्स’च्या नोटिशीत ‘टीएस’ आहे, आणि एका खासगी खेळाच्या वेळी तिवईवर कॅमेरा लावला होता, अशी बातमी आहे. थिएटरात कामाला असलेल्या किंवा खेळाला हक्कानं बसलेल्या कुणाच्या मदतीशिवाय हे होत नाही. पत्र मात्र डॉर्ममधल्या पोराला.

तीन वर्षांपूर्वी ‘स्टार वॉर्स’चा आधीचा भाग लागला तेव्हाही असाच प्रकार झाला होता. तेव्हा तो व्हीसीडीच्या रूपात आला, दोन सीडी, चित्र व्हीएचएससारखं. व्हीसीडी अमेरिकेत कुणी विकत घेत नव्हतं, ती चालली आशियात. 1990 च्या दशकाच्या अखेरीस नेटवरचे कितीतरी सिनेमे म्हणजे तिकडच्या बाजारातल्या चोरट्या व्हीसीडींच्याच नकला होत्या. म्हणजे माल आधी फुटपाथवर आला आणि मग नेटवर चढला. आता तो उलटा वाहू लागलाय. इथून उतरवायचा आणि तिकडे तबकड्या छापायच्या.

सकाळी 10:40

सकाळच्या यादीत एक पत्ता खटकला होता. डॉर्ममधला नव्हता. रसायनशास्त्राच्या इमारतीतला, तळमजल्यावरच्या प्रयोगशाळेतला एक संगणक, आणि तो रात्रभर भरभरून देत होता.

संगणक एका महागड्या उपकरणाला जोडलेला. त्यावर विंडोज 2000, एकही पॅच न लावलेलं, कारण हात लावलात तर हमी संपेल असं उपकरण विकणाऱ्यानं बजावलं होतं. अॅडमिनिस्ट्रेटरचा पासवर्ड रिकामा. गेल्या वर्षी कोड रेड आणि निमडा या किड्यांनी इतके संगणक पोखरून ठेवलेत की आत शिरायला पासवर्डचीही गरज उरली नव्हती. प्रयोगशाळा सांभाळणाऱ्या बाई म्हणाल्या, ‘‘डिस्क सारखी भरते. आम्ही आमचा जुना डेटा काढून टाकत होतो.’’ ऐकून पोटात गोळा आला. कुणाचा डेटा कुणासाठी जागा करत होता!

रिसायकल बिनच्या फोल्डरात लपवलेलं आणखी एक फोल्डर निघालं. त्यात आणखी एक, नाव ‘कॉम1’. विंडोजमध्ये हे नाव राखीव असतं, साध्या माणसानं क्लिक केलं तर ते उघडत नाही की पुसता येत नाही. चोरानं कुलूपही विंडोजचंच वापरलं. मागे सर्व्ह-यू हा एफटीपी सर्व्हर गुपचूप चालू, सिस्टिमच्याच एखाद्या कामासारखं नाव घेऊन. वरच्या फोल्डरच्या नावात हा संगणक कुणी आणि कुठल्या तारखेला ताब्यात घेतला त्याची नोंद, म्हणजे दुसऱ्या टोळीनं हात लावू नये.

आणि आत? आत इतकी टापटीप की आमच्या विभागाच्या सर्व्हरची मला लाज वाटली. प्रत्येक सिनेमाला एक फोल्डर. त्यात सीडी1, सीडी2. प्रत्येकात रार फाइलींचे 15 मेगाबाइटचे तुकडे, क्रमानं. तुकडे अशासाठी की मध्येच लाइन तुटली तर एकच तुकडा वाया जावा, आणि चार जणांनी चार तुकडे एकाच वेळी वाहून नेता यावेत. बाजूला एसएफव्ही फाइल. तिच्यात प्रत्येक तुकड्याची तपासणी-संख्या, एक बिट जरी इकडचा तिकडे झाला तरी कळावं म्हणून. ‘सँपल’ नावाचं फोल्डर, आधी नमुना बघून घ्यावा म्हणून. आणि एनएफओ, म्हणजे गटाचं पत्रक. डॉसच्या काळातल्या अक्षरचौकटींनी काढलेली भलीमोठी नक्षी, तिच्याखाली सिनेमाची लांबी, बिटरेट, मूळ स्रोत, मित्रगटांना रामराम, आणि बहुतेक वेळा एक जाहिरात. थिएटरात काम करणारे हवेत, प्रदर्शनाआधी प्रती मिळवू शकणारे हवेत, वेगवान लाइन असलेले हवेत. पगाराचा उल्लेख कुठेच नाही.

कारण यात पगार नाही. हे बाहेरच्यांना समजावता समजावता माझी दमछाक होते. या जगाला ते ‘सीन’ म्हणतात. त्यात एक जण सिनेमा मिळवतो, दुसरा आवळतो, तिसरा तपासतो. मग ठरलेल्या क्षणी तो गुप्त सर्व्हरांवर सोडला जातो. त्यांना ‘टॉपसाइट’ म्हणतात. तिथून वाहक, म्हणजे कुरियर, शर्यत लावून तो दुसऱ्या सर्व्हरांवर पोचवतात. एक बाइट चढवला तर तीन उतरवायची मुभा, असा सर्वसाधारण हिशेब. तोच सिनेमा दुसऱ्या गटानं मिनिटभर आधी सोडला असेल तर तुमचा रद्द. सिनेमा सीडीत मावला नाही, आवाज चित्राच्या मागे पडला, नियमाबाहेरचा कोडेक वापरला, तर ‘न्यूक’, म्हणजे जाहीर नापास. नियम लेखी आहेत आणि पाळले जातात. हॉलिवूडच्या मालाची गुणवत्ता-तपासणी हॉलिवूडचे चोर फुकटात करतात.

रसायनशास्त्रातला हा अड्डा अर्थात सीनचा नाही. सीनवाले अशा हॅक केलेल्या संगणकांकडे तुच्छतेनं बघतात. हा खालच्या पायरीचा, वरून गळलेला माल साठवणाऱ्यांचा. पण दोघांची युक्ती एकच, एफएक्सपी. एफटीपीमध्ये जुनी सोय आहे. तुम्ही एका सर्व्हरला सांगता की फाइल पाठव, आणि दुसऱ्याला सांगता की तिकडून घे. फाइल तुमच्याकडून जातच नाही, एका सर्व्हरवरून थेट दुसऱ्यावर जाते. म्हणजे घरी 56 केचा रडतखडत चालणारा मोडेम असलेला पंधरा वर्षांचा पोरगा इथल्या प्रयोगशाळेतून स्वीडनच्या विद्यापीठात गीगाबाइटच्या गीगाबाइट हलवू शकतो. त्याच्या तारेतून जातात त्या फक्त आज्ञा. लाइन आमची, डिस्क आमची, वीज आमची. सुरुवातीच्या काळातली ही सगळी चळवळ (चळवळच म्हणतो) विद्यापीठांच्या रिकाम्या जागेवर वाढली, कारण जलद लाइन फुकटात, चोवीस तास, आणि फारसं कुणी न विचारता मिळण्याची दुसरी जागा तेव्हा नव्हती.

एक फाइल उघडून बघितली, पुरावा म्हणून नोंद करायला. करडे रंग, कडा कापलेल्या, पडदा किंचित तिरका. पंधरा सेकंदांत बंद केली. एवढी यातायात, आणि ती या चित्रासाठी.

संगणक तारेवरून काढला. डिस्कची प्रत घेऊन ठेवली.

दुपारी 12:45

कँटीनमध्ये विषय एकच, एमआयटी. गेल्या 11 डिसेंबरला अमेरिकेच्या कस्टम्सनं ‘ऑपरेशन बकेनिअर’ या नावाखाली देशोदेशी एकाच दिवशी छापे घातले. लक्ष्य होतं ड्रिंकऑरडाय हा जुना गट, 1993 मध्ये मॉस्कोत सुरू झालेला. त्याची ख्याती सॉफ्टवेअरसाठी, पण या सर्व्हरांवर सिनेमेही ओतलेले असतात. आणि सापडलेल्यांत एमआयटीच्या अर्थशास्त्र विभागाचा सिस्टिम अॅडमिनिस्ट्रेटर! म्हणजे आमचाच जातभाई. (त्याला 2002 मध्येच 33 महिन्यांची कैद झाली.)

टेबलावर हशा झाला, पण मनापासून नव्हे. सर्व्हर ज्याच्या हातात त्यानंच तो दिला, तर आलेख बघणारा कोण? आणि आलेख बघणारा तोच असेल तर? माझ्या शेजारी बसणारा सहकारी, आयोवाचा शेतकऱ्याचा मुलगा, म्हणाला, ‘‘त्याला कुणी पैसे दिले नव्हते. हेच मला समजत नाही.’’ मला समजतं. रात्री तीन वाजता सगळं नेटवर्क आपल्या बोटांवर नाचतंय, आणि ज्यांना त्याची किंमत कळते असे जगात शंभर जण आहेत आणि ते सगळे चॅटच्या एका चॅनलवर हजर आहेत. आमच्या धंद्यात एवढी शाबासकी दुसरीकडे मिळत नाही. हे मी बोललो नाही.

दुपारी 2:00

नोटीस आलेल्या मुलानं येऊन भेटायचं, सही करायची, मग कनेक्शन परत, असा नियम. आजचा मुलगा एमएस करणारा, आडनावावरून मराठी. दार लोटून आत आला तो घामाघूम. इंग्रजीत सुरुवात केली. मी मराठीत ‘बस’ म्हटल्यावर खुर्चीत कोसळलाच.

‘‘दादा, मी काहीच नाही पाठवलं कोणाला. आईशपथ. फक्त बघायला घेतला होता.’’

‘‘कुठला?’’

‘‘स्पायडरमॅन.’’

‘‘काझावरून?’’

‘‘हो.’’

मग त्याला समजावलं. काझात तुम्ही उतरवलेली फाइल ज्या फोल्डरात पडते, तेच फोल्डर जगासाठी उघडं असतं. तसा तो बसवतानाच असतो, बंद करायचं तर तुम्हाला शोधून करावं लागतं. तू सिनेमा घेतलास त्याच घटकेपासून तुझा संगणक तो वाटायला लागला, तू झोपलास तेव्हाही. पत्र आलंय ते वाटण्याबद्दल.

‘‘म्हणजे मला न विचारता?’’

‘‘आय अॅग्री दाबलं होतंस ना?’’

तो नागपूरकडचा. घरी वडिलांची शिक्षकाची नोकरी, इथे येण्यासाठी बँकेचं कर्ज. खरा प्रश्न बराच वेळ घुटमळत होता, शेवटी आला. ‘‘विसाचं काही होईल का, दादा?’’ नाही म्हणालो. पहिली नोटीस आहे, फाइल काढून टाक, सही कर, तुझं नाव आम्ही पत्र पाठवणाऱ्याला कळवत नाही. ‘‘प्रोफेसरांना?’’ त्यांनाही नाही. त्याचा चेहरा उजळला. सही केली. दारापर्यंत गेला आणि वळला.

‘‘पण चांगला आहे का हो तो? माझा अजून बघायचा राहिलाय.’’

दुपारी 3:30

समिती. लांबलचक टेबल, थंड कॉफी. माहिती तंत्रज्ञानाचे प्रमुख, वकीलसाहेब, डॉर्मच्या व्यवस्थापक बाई, ग्रंथालयाच्या प्रमुख, विद्यार्थ्यांचा एक प्रतिनिधी आणि आकडे सांगायला मी.

वकीलसाहेबांना एप्रिल 2000 अजून विसरता येत नाही. मेटॅलिका या बँडनं नॅपस्टरबरोबर येल, इंडियाना आणि सदर्न कॅलिफोर्निया या विद्यापीठांनाही कोर्टात खेचलं होतं. पुढच्या यादीत आपण नको. प्रमुखांनी सिनेउद्योगाच्या संघटनेच्या जॅक व्हॅलेंटींचा आकडा वाचला. व्हायंट या सल्लागार कंपनीच्या अंदाजानुसार रोज साडेतीन लाखांवर सिनेमे बेकायदा उतरवले जातात. विद्यार्थी प्रतिनिधीनं गेल्या आठवड्याचा पेपर पुढे सरकवला. ‘स्पायडरमॅन’नं पहिल्या तीन दिवसांत अमेरिकेत 11 कोटी 48 लाख डॉलर मिळवले, एका शनिवार-रविवारात दहा कोटी ओलांडणारा पहिला सिनेमा. आणि तो नेटवर होता. मग बुडालं कुणाचं?

मला दोन्ही बाजू कच्च्या वाटतात. साडेतीन लाख उतरवले, त्यातले किती धड पूर्ण उतरले आणि किती कुणी शेवटपर्यंत बघितले? आणि ‘स्पायडरमॅन’च्या गल्ल्यावरून काहीच सिद्ध होत नाही. तिरक्या, करड्या टीएसनं थिएटरचं गिऱ्हाईक कसं तुटेल? डीव्हीडीवरून काढलेली नितळ प्रत आणि घरोघरी जलद लाइन या दोन गोष्टी एकत्र आल्या, तर मग बघावं लागेल. ग्रंथालयाच्या बाई शांतपणे म्हणाल्या, ‘‘कोण काय वाचतं हे आम्ही कधी तपासलं नाही. नेटवर्कनं कोण काय बघतं ते का तपासावं?’’ वकीलसाहेबांनी चष्मा काढून पुसला.

अडवून काय होतं हा अनुभव ताजा आहे. स्कौर ही कंपनी लॉस एंजेलिसच्या विद्यापीठातल्या मुलांनी काढलेली. तिच्या अदलाबदलीच्या सेवेत सिनेमेही होते. जुलै 2000 मध्ये संगीत आणि सिने उद्योगांनी दावा लावला, ऑक्टोबरात ती दिवाळखोरीत गेली. (त्या मुलांतला ट्रॅव्हिस कॅलानिक पुढे उबरमुळे सर्वांना ठाऊक झाला.) गेल्या जुलैत नॅपस्टर बंद पडलं. आमचा आलेख एका इंचानंही उतरला नाही, फक्त पोर्ट बदलले.

निर्णय झाला तो पैशाच्या बाजूनं, जसा होतो. दुसरी 45 मेगाबिटची लाइन परवडत नाही, त्यामुळे अडवायचं नाही, आवळायचं.

संध्याकाळी 5:45

पॅकेटशेपर नावाचं यंत्र महिन्यापूर्वी आलंय, आज त्याला कामाला लावलं. डॉर्मचं 1214 वरचं बाहेर जाणं चार मेगाबिटवर बांधलं. दहा मिनिटांत निळ्या रेघेचा माथा कापल्यासारखा सपाट झाला. भौतिकशास्त्राच्या प्राध्यापकांना फोन केला, आता पाठवा म्हणालो.

बंधन फक्त बाहेरच्या लाइनवर आहे. डॉर्मच्या आतल्या तारांवर नाही. आत डायरेक्ट कनेक्टचं एक हब चालतं हे मला ठाऊक आहे. त्यात शिरायला आपल्या डिस्कवरचा ठरावीक साठा वाटायला ठेवावा लागतो, आणि शिरलं की सिनेमा विद्यापीठाबाहेर न जाता इमारतीतल्या इमारतीत फिरतो. कुठल्याही कंपनीचा प्रोग्रॅम तिथे डोकावू शकत नाही, म्हणून नोटीस नाही, आणि लाइनचा खर्च नाही. समितीनं मला त्याबद्दल विचारलं नव्हतं.

रात्री 9:00

फोनकार्ड खरवडून सांगलीला भावाला फोन. तिकडे शनिवारची सकाळ. ‘स्टार वॉर्स’ची हकिगत सांगितली तर त्याला काडीचं नवल वाटलं नाही. ‘‘अरे, त्यात काय? सीडीवाल्याला सांगितलं की सोमवारी दारात आणून देतो. वीस रुपये भाडं. आवडला नाही तर बदलून देतो.’’

‘‘तुम्ही नेटवरून नाही उतरवत?’’

‘‘डोकं फिरलंय का? फोनचं बिल बाबांना तू भरून देणार?’’

हिशेब त्याच्या बाजूनं होता. मोडेमवरून सेकंदाला चार-पाच किलोबाइट. 700 मेगाबाइटला जवळजवळ दोन दिवस, तेही लाइन एकदाही न तुटता, आणि इंटरनेटच्या तासांचे पैसे वेगळे, फोनचे वेगळे. या किमतीत गावातल्या थिएटरात आख्ख्या गल्लीला सिनेमा दाखवता येईल. ऑनलाइन चोरी ही तेव्हा श्रीमंत देशांच्या विद्यापीठांची चैन होती. आमच्याकडे तोच सिनेमा शेवटचा टप्पा माणसाच्या पिशवीतून, सायकलवरून पार करायचा.

रात्री 11:40

पेजर वाजला. घरून लॉगइन केलं. 1214 आपल्या चार मेगाबिटमध्ये निमूट बसलाय. पण एकूण रेघ पुन्हा वर चढते आहे. 80 वर नेहमीपेक्षा जास्त. पोरांपैकी कुणीतरी काझाला वेबच्या पोर्टवरून काढायची युक्ती शोधलेली दिसते. (सप्टेंबरात काझाची दुसरी आवृत्ती आली, ती मुळातच हव्या त्या पोर्टवरून जायला लागली आणि आजची सगळी मेहनत वाया गेली.)

यादीच्या तळाशी, अनोळखी पोर्टांत, 6881. अगदी थोडे बाइट, डॉर्मच्या दोन-तीन खोल्यांतून. शोधल्यावर कळलं की ब्रॅम कोहेन नावाच्या प्रोग्रॅमरनं गेल्या जुलैत सोडलेला बिटटोरेंट. त्यात फाइल उतरवणाऱ्यानं ती उतरता उतरताच इतरांना द्यायची असते, तुकड्यातुकड्यानं. सीनवाल्यांनी जे वाहक, टॉपसाइट आणि एकास तीनच्या हिशेबानं बसवलं होतं, ते इथे प्रोग्रॅमच आपोआप करतो, आणि त्याला कुणाची ओळख लागत नाही. मला त्याची रचना आवडली. दोनदा वाचली.

मग उद्याच्या पाळीसाठी नोंद लिहिली. रसायनशास्त्रातला संगणक पुसून नव्यानं बसवणे, उपकरणवाल्या कंपनीला पॅचबद्दल पत्र. नागपूरच्या मुलाचं कनेक्शन चालू करणे. नोटिशींना उत्तरं, सोमवारच्या आत. पोर्ट 80, डॉर्मची इमारत तीन, कोण आहे ते बघणे. पोर्ट 6881, आत्ता मर्यादा नको, लक्ष ठेवणे.